उडत्या पानांची साठवण : शंभर वर्षांचे एक जर्मन विनोदी साप्ताहिक आणि त्याचे डिजिटल जतन

२३ ऑक्टोबर १८९२ रोजी म्युनिकमधून निघालेल्या एका विनोदी साप्ताहिकाच्या अंकात एक लहानसे चित्र छापून आले. डावीकडची लांबट आकृती चोच आहे असे समजून पाहिले, तर ते बदकाचे डोके दिसते. तीच आकृती मागे वळलेले कान आहेत असे मानले, तर उजवीकडे तोंड केलेला ससा दिसू लागतो. सोबत प्रश्न होता, ‘कोणते प्राणी एकमेकांशी सर्वांत जास्त मिळतेजुळते आहेत?’ आणि त्याखाली उत्तर होते, ‘ससा आणि बदक’. पुढच्याच महिन्यात न्यूयॉर्कच्या ‘हार्पर्स वीकली’ने ते चित्र छापले. तिथून ते १८९९ मध्ये जोसेफ जॅस्ट्रो या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाच्या लेखात आले आणि १९५३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लुडविग विटगेनश्टाइनच्या मरणोत्तर ग्रंथामुळे तत्त्वज्ञानाच्या वर्गात पोहोचले. विटगेनश्टाइनने आधार म्हणून जॅस्ट्रोचे नाव दिले. साहजिकच जगभरच्या विद्यार्थ्यांना हे चित्र ‘जॅस्ट्रोचा बदक-ससा’ म्हणून ठाऊक झाले आणि ते ज्या पानावर प्रथम उमटले होते, ते पान मागे पडले.

त्या साप्ताहिकाचे नाव ‘फ्लीगेंडे ब्लेटर’. या शब्दांचा अर्थ ‘उडती पाने’. जत्रेत आणि बाजारात सुटे विकल्या जाणाऱ्या छापील कागदांना, म्हणजे गाणी, बातम्या, चित्रे आणि चमत्कारिक हकिकती असलेल्या एकेका पानाला, जर्मन भाषेत जुन्या काळापासून असे म्हणत असत. १८४४ च्या अखेरीस सुरू झालेले आणि १९४४ मध्ये थांबलेले हे साप्ताहिक शंभर वर्षे चालले. एवढ्या दीर्घ काळात त्याची किती चित्रे आपल्या मूळ पानावरून उडून भलतीकडेच जाऊन बसली असतील, याची बदक-सशाच्या प्रवासावरून कल्पना येते. म्हणूनच अशा नियतकालिकाचे डिजिटल जतन करणे म्हणजे केवळ पानांची छायाचित्रे काढणे नव्हे. चित्र, त्याखालचा मजकूर, ते पान, तो अंक आणि तो खंड यांच्यातला परस्परसंबंध टिकवणे हे त्या कामाचे खरे मर्म आहे. हे काम कसे चालते, ते समजून घेण्यासाठी आधी हे साप्ताहिक कसे तयार होत असे, ते पाहावे लागते.

लाकडावर कोरलेले साप्ताहिक

कास्पार ब्राउन हा आशाफेनबुर्ग येथे १८०७ मध्ये जन्मलेला चित्रकार. फ्रान्समध्ये तेव्हा पुस्तकांत छापली जाणारी सुबक चित्रे पाहून तो भारावला आणि पॅरिसला जाऊन ब्रेव्हियेर नावाच्या कारागिराकडे लाकडावर कोरण्याची कला शिकला. १८३९ मध्ये त्याने म्युनिकमध्ये एका भागीदाराच्या मदतीने लाकडी ठसे कोरण्याची कार्यशाळा काढली. पुढे लाइपझिगचा फ्रीडरिश श्नायडर त्याला येऊन मिळाला आणि ‘ब्राउन आणि श्नायडर’ ही प्रकाशनसंस्था उभी राहिली. साप्ताहिक याच संस्थेचे. म्हणजे आधी कारखाना होता, मग साप्ताहिक आले. चित्र हे इथे मजकुराची सजावट म्हणून आलेले नाही, ते पहिल्यापासून पायाशीच होते.

या पद्धतीत बॉक्सवुडसारख्या अतिशय घट्ट लाकडाचा आडवा छेद घेत. खोडाच्या लांबीने कापलेल्या फळीत तंतू एका दिशेला धावतात आणि बारीक काम करताना लाकूड चिरते. आडव्या छेदाचा पृष्ठभाग मात्र कोणत्याही दिशेने सारख्याच नेटकेपणाने कोरता येतो. चित्रकार त्या गुळगुळीत पृष्ठभागावर उलटे चित्र काढीत असे. कोरणारा कारागीर जिथे कागद पांढरा राहायला हवा तेवढे लाकूड काढून टाकी आणि काळ्या रेषा उंचवटा म्हणून शिल्लक ठेवी. या ठशाची उंची छापखान्यातील खिळ्यांएवढीच ठेवली जात असल्यामुळे जुळाऱ्याला मजकुराचे खिळे आणि चित्राचा ठसा एकाच फर्म्यात शेजारीशेजारी बसवता येत असे आणि दोन्ही एकाच दाबात कागदावर उतरत. शिळाछापात हे शक्य नव्हते. तिथे चित्र दगडावरून वेगळे छापावे लागे. चित्र आणि शब्द यांची अशी घट्ट जोडी दर आठवड्याला, परवडणाऱ्या खर्चात देता येऊ लागली, म्हणूनच सचित्र विनोदी साप्ताहिक हा प्रकार युरोपात त्या काळात फोफावला. पॅरिसचे ‘शारिव्हारी’ १८३२ चे, लंडनचे ‘पंच’ १८४१ चे आणि त्यापाठोपाठ म्युनिकची ही उडती पाने.

या पद्धतीची एक बाजू जतनाच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे आणि ती सहसा लक्षात घेतली जात नाही. चित्रकाराने थेट लाकडावर काढलेले चित्र कोरताना नष्ट होत असे, कारण कारागिराची अणकुचीदार पटाशी त्या रेषांच्या मधूनच फिरायची. अशा चित्राचे ‘मूळ’ म्हणून भिंतीवर टांगता येईल असा कोणताही कागद उरत नाही. छापलेले पान हेच त्याचे मूळ असते. संग्रहालयातल्या तैलचित्राला जेवढ्या काळजीने जपले जाते, तेवढीच काळजी या स्वस्त साप्ताहिकाच्या पानाला का मिळायला हवी, याचे उत्तर माझ्या मते याच एका गोष्टीत आहे.

पानांवर काय होते

साप्ताहिक सुरू झाले तेव्हा बव्हेरिया हे राज्य होते आणि छापण्यापूर्वीच मजकूर तपासणारी नियंत्रणव्यवस्था सर्व जर्मन राज्यांत होती. १८१९ च्या कार्ल्सबाड ठरावांनी ती घट्ट केली होती आणि १८४८ च्या क्रांतीने ती काही काळ उखडली. त्याच वर्षी मे महिन्यात बर्लिनमध्ये निघालेल्या ‘क्लाडेराडाच’ने राजकारणावर थेट प्रहार करण्याचा मार्ग धरला. म्युनिककरांनी क्रांतीच्या दिवसांत राजकीय चित्रे छापली खरी, पण त्यांचा पिंड निराळा होता. विसराळू प्राध्यापक, तोरा मिरवणारे लेफ्टनंट, शहरात गोंधळलेला शेतकरी, पर्यटक, वकील, सासू, नवश्रीमंत या साऱ्यांच्या सवयी आणि बोलण्याच्या लकबी हा त्यांचा विषय राहिला. सुरुवातीच्या काळातले त्यांचे एक गाजलेले सदर म्हणजे बॅरन आयझेले आणि त्याचे शिक्षक डॉक्टर बायझेले यांचा जर्मनीभरचा प्रवास. या जोडीच्या आडून वेगवेगळ्या राज्यांतील चालीरीतींची खिल्ली उडवता येत असे.

कार्ल श्पिट्सवेग आणि काउंट फ्रान्स फॉन पोची यांच्यासारखे चित्रकार आरंभापासून इथे काम करत होते. पुढे ज्याचे नाव सर्वाधिक झाले तो विल्हेल्म बुश १८५० च्या दशकाच्या अखेरीस आला. म्युनिकमधील तरुण कलावंतांच्या मंडळात ब्राउनने त्याची व्यंगचित्रे पाहिली आणि त्याला काम दिले. पुढच्या काही वर्षांत बुशने या साप्ताहिकासाठी आणि त्याच संस्थेच्या सुट्या चित्रपत्रकांसाठी शंभराहून अधिक कामे केली. एकापुढे एक चित्रे मांडून, प्रत्येकाखाली दोन ओळी देऊन गोष्ट पुढे नेण्याची हातोटी त्याने इथेच कमावली. त्याचे ‘माक्स उंड मोरित्स’ हे दोन खोडकर मुलांचे पुस्तक १८६५ मध्ये ब्राउन आणि श्नायडर यांनीच छापले आणि त्याचे सर्व हक्क एकदाच १,००० गुल्डन देऊन विकत घेतले. न्यूयॉर्कच्या वृत्तपत्रात १८९७ मध्ये सुरू झालेली रुडॉल्फ डर्क्सची ‘कॅट्झनजॅमर किड्स’ ही चित्रमालिका याच दोन मुलांवरून बेतलेली होती. अमेरिकी कॉमिक्सच्या वंशावळीत म्युनिकच्या या छापखान्याचा वाटा आहे, तो असा.

बुशनंतर अडोल्फ ओबरलेंडरने साप्ताहिकाला पुन्हा एक स्वतंत्र चेहरा दिला. माणसांसारखे वागणारे प्राणी आणि शाळकरी मुलाच्या वहीच्या समासात काढलेली म्हणून रंगवलेली चित्रे ही त्याची खासियत होती. लोथार मेगेनडोर्फर हाही याच परंपरेतला. त्याने पुढे स्वतःचे विनोदी पत्र काढले आणि १९२० च्या दशकाच्या अखेरीस ते पत्र व ‘फ्लीगेंडे ब्लेटर’ एकत्र करण्यात आले. त्यानंतरचे प्रकाशन एस्लिंगेनच्या श्रायबर या संस्थेकडे गेले. तोवर म्युनिकमध्येच १८९६ मध्ये जन्मलेल्या ‘झिम्प्लिसिसिमुस’च्या धारदार रंगीत चित्रांपुढे हे जुने साप्ताहिक घरगुती आणि शिळे वाटू लागले होते. शेवटची वर्षे नाझी राजवटीच्या ताब्यातल्या पत्रसृष्टीत गेली आणि १९४४ मध्ये ते बंद पडले.

साप्ताहिकाने एका संपूर्ण कालखंडाला नाव दिले, ही गोष्ट विनोदाच्या इतिहासात विरळाच म्हणावी लागेल. १८५५ पासून त्यात ‘गॉटलीब बीडरमायर’ नावाच्या एका साध्याभोळ्या गावातल्या शाळामास्तराच्या कविता येऊ लागल्या. असा मास्तर प्रत्यक्षात नव्हता; लुडविग आइखरोट हा कवी आणि अडोल्फ कुसमाउल हा वैद्य यांनी तो उभा केला होता. मधुमेहाच्या रुग्णातील खोल श्वसनाला ज्याचे नाव दिले जाते, तोच हा कुसमाउल. घर, बाग, चहा, चार भिंतींतले समाधान आणि सरकारच्या वाटेला न जाणारा सभ्य नागरिक यांची ही चेष्टा इतकी रुजली, की १८१५ ते १८४८ या काळातली घरे, फर्निचर, चित्रे आणि एकूण जीवनशैली यांना पुढे ‘बीडरमायर’ हेच नाव पडले.

या पानांवरचे सर्वच वाचताना हसू येत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ज्यू व्यापाऱ्यांची ठरावीक साच्यातली, त्यांच्या उच्चारांची नक्कल करणारी चित्रे इथे वारंवार येतात. आफ्रिकेतील लोकांचे चित्रणही वसाहतवादी तुच्छतेने भरलेले आहे. त्यात आरडाओरडा नाही, घरच्या दिवाणखान्यात सहज वाचता येईल असा सौम्यपणा आहे, आणि मला तीच गोष्ट अधिक अस्वस्थ करणारी वाटते. जर्मन मध्यमवर्गात द्वेष किती सवयीचा झाला होता, याचा पुरावा म्हणून इतिहासकारांना ही पाने लागतात. म्हणून जतन करताना अशी पाने गाळणे किंवा पुसणे योग्य ठरणार नाही.

कागदाचे दुखणे

हे साप्ताहिक सुरू झाले त्याच सुमारास, १८४३–४४ मध्ये, सॅक्सनीतील फ्रीडरिश गॉटलोब केलर याने लाकूड दगडावर घासून त्याच्या लगद्यापासून कागद करण्याची पद्धत शोधली. त्याआधी कागद चिंध्यांपासून होत असे आणि वाचकांची संख्या वाढत गेली तशा चिंध्या पुरेनाशा झाल्या होत्या. लाकडाच्या लगद्यामुळे कागद स्वस्त झाला, पण त्यात लिग्निन नावाचे द्रव्य राहते आणि ते उजेडात पिवळे पडते. शाई पसरू नये म्हणून कागदाला राळ आणि तुरटी यांची जी खळ दिली जात असे, तिच्यामुळे कागदात हळूहळू आम्ल तयार होते. हे आम्ल कागदाच्या लांब तंतूंचे तुकडे पाडते. परिणामी शंभर वर्षांचे पान घडी घालताच मोडते, तर तीनशे वर्षांपूर्वीचा चिंध्यांचा कागद अजून लवचिक असतो. अशा कागदावर मॅग्नेशियमच्या संयुगांची प्रक्रिया करून आम्ल मारता येते आणि पुढची झीज मंदावते. गेलेली ताकद मात्र परत येत नाही.

शिवाय ग्रंथालये जळतात. २ सप्टेंबर २००४ च्या रात्री वायमारच्या आना आमालिया ग्रंथालयाला आग लागली आणि सुमारे ५०,००० ग्रंथ नष्ट झाले. एखाद्या साप्ताहिकाचे संच अनेक ठिकाणी असले, तरी प्रत्येक संचात कुठला ना कुठला अंक नसतोच. त्यातही बांधणीच्या वेळी ग्रंथालये सहसा वेष्टने आणि जाहिरातींच्या पुरवण्या काढून टाकत असत. त्यामुळे कापडी पुठ्ठ्यातला नीटनेटका खंड हा वाचकाच्या हातात दर आठवड्याला पडणाऱ्या अंकाचा काहीसा छाटलेला अवतार असतो. डिजिटल प्रतीवर भरवसा ठेवताना, ती अशाच एखाद्या खंडाची प्रत आहे हे अभ्यासकाने विसरू नये.

स्कॅन करताना

‘फ्लीगेंडे ब्लेटर’चे खंड डिजिटल रूपात सर्वांसाठी विनामूल्य खुले करण्याचे मोठे काम हायडेलबर्ग विद्यापीठाच्या ग्रंथालयाने केले आहे. ‘क्लाडेराडाच’ आणि ‘युगेंड’ ही नियतकालिकेही तिथे पाहता येतात. ज्या कुसमाउलने बीडरमायर मास्तर घडवला, तो याच हायडेलबर्गला शिकला आणि १९०२ मध्ये तिथेच वारला. हा केवळ योगायोग असला, तरी मनाला सुखावणारा आहे.

जुना बांधलेला खंड घरगुती स्कॅनरच्या काचेवर उपडा दाबला, तर कणा तुटतो. म्हणून तो अर्धवट उघडून आधार देणाऱ्या पाळण्यासारख्या मेजावर ठेवतात आणि वरून कॅमेऱ्याने एकेक पान टिपतात. पूर्वी असे खंड मायक्रोफिल्मवर उतरवत असत. मायक्रोफिल्म दीर्घकाळ टिकते, पण तिच्यावर गर्द काळे आणि पांढरे असेच भाग ठळक उमटतात. लाकडावर कोरलेल्या, केसाएवढ्या बारीक रेषा एकमेकींत मिसळून नुसते काळे डाग होतात. रंगीत डिजिटल प्रतिमेत त्या रेषा सुट्या राहतात, कागदाचा रंग आणि डागही कळतात.

इथे किती तपशील टिपायचा, हा पहिला कळीचा प्रश्न असतो. एका इंचात किती बिंदू टिपले, यावर तो तपशील मोजतात. छापील पुस्तकांसाठी जर्मनीत किमान ३०० बिंदूंचे प्रमाण मानले जाते. बारीक चित्रांसाठी अधिक घेणे शहाणपणाचे. साधारण २८ बाय २२ सेंटिमीटरचे पान इंचाला ४०० बिंदू या हिशोबाने टिपले, तर दीड कोटीहून अधिक बिंदू होतात. प्रत्येक बिंदूच्या रंगासाठी ३ बाइट लागतात. म्हणजे एका पानाची मूळ फाइल सुमारे ४६ मेगाबाइटची आणि दर १०,००० पानांमागे जवळजवळ ४६० गिगाबाइट जागा. मोबाइलवर आपण पाहतो ती प्रतिमा याच्या अनेक पटींनी लहान असते, कारण तिच्यातला डोळ्याला सहसा न जाणवणारा तपशील टाकून दिलेला असतो. वाचकाला दाखवण्यासाठी ती पुरेशी आहे. जतनासाठी मात्र काहीही न गाळलेली मूळ प्रतिमा, बहुधा टिफ या स्वरूपात, वेगळी राखली जाते.

१८८० नंतरच्या पानांत आणखी एक अडचण येते. म्युनिकच्याच गेओर्ग माइझेनबाखने १८८२ मध्ये हाफटोन ब्लॉकचे पेटंट घेतले आणि छायाचित्र किंवा छटांचे चित्र बारीक ठिपक्यांच्या जाळीतून छापता येऊ लागले. ठिपके मोठे तिथे गडद, लहान तिथे फिके. आता स्कॅनर स्वतःही पान ठिपक्यांच्याच जाळीतून टिपतो. दोन जाळ्या एकमेकींवर तिरक्या पडल्या, की जशी दुहेरी जाळीच्या पडद्यावर लाटांची नक्षी दिसते, तशी नक्षी प्रतिमेत उमटते आणि ती चित्रात मुळात नसते. पुरेसे जास्त बिंदू टिपणे आणि लहान प्रत करताना योग्य गणिती गाळणी वापरणे, हा त्यावरचा उपाय आहे.

संगणकाला वाचायला शिकवणे

प्रतिमा टिपली म्हणजे पान जपले गेले; पण त्या पानावर काय आहे, हे अजून कोणालाच शोधता येत नाही. हजारो पानांतून एखादा विनोद हुडकायचा, तर त्या प्रतिमेतली अक्षरे संगणकाला अक्षरे म्हणून ओळखता आली पाहिजेत. इथे फ्राक्टुर आडवी येते. फ्राक्टुर ही टोकेरी, मोडकी वळणे असलेली जर्मन छापील लिपीशैली. जानेवारी १९४१ मध्ये नाझी सरकारच्या आदेशाने तिचा अधिकृत वापर थांबवण्यात आला आणि पुढच्या पिढ्यांना ती अनोळखी झाली. आपल्याकडे पणजोबांच्या मोडीतल्या कागदांपुढे आपण जसे निरक्षर ठरतो, काहीसे तसेच. फरक एवढाच, की मोडी मुख्यतः हाताने लिहिण्याची लिपी होती आणि फ्राक्टुर छापखान्याची.

फ्राक्टुरमध्ये ‘स’चे एक लांब रूप आहे आणि ते ‘फ’च्या अक्षराशी इतके मिळतेजुळते असते, की मधल्या आडव्या रेघेचा अर्धा तुकडा एवढाच फरक उरतो. ‘झाइन’ म्हणजे ‘असणे’ आणि ‘फाइन’ म्हणजे ‘नाजूक’ हे दोन शब्द त्यामुळे यंत्राला सारखेच दिसतात. जुन्या देवनागरी छपाईत ‘ख’ हा ‘रव’ वाचला जाई आणि ‘घ’ व ‘ध’ यांची गल्लत होई, ती आठवली म्हणजे ही अडचण लगेच उमजेल. पूर्वीच्या प्रणाली एकेका अक्षराची आकृती साच्याशी ताडून पाहत. आताच्या प्रणालींना माणसांनी अचूक वाचून दिलेल्या ओळी आणि त्यांच्या प्रतिमा यांच्या हजारो जोड्या दाखवल्या जातात आणि त्या संपूर्ण ओळ एकदम वाचायला शिकतात. अशाने फ्राक्टुरचे वाचन खूपच सुधारले आहे. तरी या साप्ताहिकात यंत्राची दमछाक होते ती वेगळ्या कारणाने. पात्रे बव्हेरियन बोलीत बोलतात, शब्द मुद्दाम तोडूनमोडून लिहिलेले असतात आणि काही शब्द चित्राच्या आतच, पाटीवर किंवा पिंपावर, हाताने कोरलेले असतात. विनोदी लेखकाने जाणूनबुजून केलेली चूक कोणती आणि यंत्राची चूक कोणती, हे शेवटी माणसालाच ठरवावे लागते.

वाचन अचूक झाले तरी शोध चुकू शकतो. बदक-सशाच्या प्रश्नात ‘प्राणी’ या अर्थाचा जर्मन शब्द जुन्या पद्धतीने, एका जास्तीच्या ‘ह’सह छापला आहे, १९०१ च्या शुद्धलेखन परिषदेनंतर तो ‘ह’ गेला. आजच्या वाचकाने आजच्या रूपात शोध घेतला, तर ते पान समोर येणार नाही. बीडरमायरचेही तसेच आहे: १८५५ मध्ये नावाच्या शेवटी जो स्वर छापला होता, तो आजच्या प्रचलित रूपात बदललेला आहे. म्हणून चांगल्या संग्रहात पानावरचा पाठ आहे तसाच ठेवतात आणि शोधयंत्राला मात्र जुनी-नवी रूपे जोडून देतात. पाठ ‘सुधारून’ ठेवणे सोपे असते, पण मग ते १८५५ चे पान राहत नाही.

चित्रांचे काय करायचे, हा प्रश्न याहून अवघड. ‘छत्री विसरलेला प्राध्यापक’ हे शब्द पानावर कुठेच नसतील, तर ते चित्र शब्दांच्या शोधात कधीच सापडणार नाही. हायडेलबर्गच्या ‘हायडिकॉन’ या चित्रसंचात म्हणून सुट्या चित्रांच्या स्वतंत्र नोंदी केल्या जातात. हे काम सावकाश चालते आणि त्यासाठी जाणकार माणसे लागतात. माझ्या मते संपूर्ण प्रकल्पातला सर्वांत मोलाचा भाग हाच असतो, आणि निधी कमी पडला की पहिली कात्रीही बहुधा यालाच लागते.

फाइल जपणे म्हणजे काय

कागद उपेक्षेतही पन्नास वर्षे तग धरतो. फाइल तशी धरत नाही. डिस्क साधारणपणे काही वर्षांतच निकामी होते आणि साठवलेल्या माहितीतला एखादा अंश कोणाच्या नकळत बिघडू शकतो. त्यासाठी प्रत्येक फाइलची एक गणिती खूण काढून ठेवतात. हिशोबाच्या वहीत पानाच्या तळाशी बेरीज लिहून ठेवावी आणि पुढे पुन्हा बेरीज करून ती जुळते का पाहावे, तसेच हे आहे. एक बिंदू जरी बदलला तरी नवी खूण जुन्या खुणेशी जुळत नाही. मग दुसऱ्या गावी ठेवलेली निर्दोष प्रत आणून बिघडलेली फाइल बदलता येते. एकच प्रत ठेवून ही तपासणी कितीही नेमाने केली, तरी तिचा उपयोग शून्य.

दुसरे संकट फाइलच्या स्वरूपाचे. जी फाइल उघडणारी प्रणालीच उद्या उरली नाही, ती शाबूत असूनही मुकी ठरते. म्हणून ज्यांची रचना जाहीर आहे आणि ज्यांवर कोणा एका कंपनीची मालकी नाही, अशीच स्वरूपे जतनासाठी निवडतात आणि गरज पडताच सारा संच नव्या स्वरूपात उतरवण्याची तयारी ठेवतात. यासोबत प्रत्येक खंडासाठी एक वर्णनाची फाइल असते. कोणती प्रतिमा कोणत्या पानाची, ते पान कोणत्या अंकाचे, अंक कोणत्या खंडाचा, कोणत्या ग्रंथालयाच्या प्रतीवरून आणि केव्हा टिपला, हे सारे तिच्यात लिहिलेले असते. ही फाइल हरवली, तर हजारो सुंदर प्रतिमा उरतात आणि साप्ताहिक हरवते. ती पुन्हा उडती पानेच होतात.

हक्कांची बाजू थोडक्यात सांगता येते. जर्मन कायद्यानुसार निर्मात्याच्या मृत्यूनंतर ७० वर्षे पूर्ण होईपर्यंत त्याच्या कृतीवर हक्क राहतो आणि ही मुदत वर्षाच्या अखेरीस संपते. बुश १९०८ मध्ये आणि ओबरलेंडर १९२३ मध्ये वारले, तेव्हा त्यांची चित्रे केव्हाच मोकळी झाली आहेत. पण १९३० च्या दशकात तरुण असलेला एखादा चित्रकार १९६० मध्ये वारला असेल, तर त्याचे चित्र १ जानेवारी २०३१ ला मोकळे होईल. म्हणजे एकाच पानावरची दोन चित्रे वेगवेगळ्या वर्षी मोकळी होऊ शकतात आणि हिशोब प्रत्येक चित्रकाराचा स्वतंत्र करावा लागतो.

हायडेलबर्गच्या संग्रहातील खंडांना कायमचे निर्देशांक दिलेले आहेत. संकेतस्थळाची रचना बदलली, पत्ता बदलला, तरी निर्देशांक तोच राहतो आणि त्याच्या आधारे नेमक्या खंडापर्यंत पोहोचता येते. ज्या चित्राचा उल्लेख शतकभर जॅस्ट्रोच्या नावाने होत आला, त्याचा उल्लेख करताना आज कोणताही विद्यार्थी थेट १८९२ च्या त्या खंडाकडे बोट दाखवू शकतो. ज्यांना स्वतः पाहायचे असेल त्यांनी त्या वर्षाच्या उत्तरार्धाचा खंड उघडावा आणि २३ ऑक्टोबरच्या अंकापर्यंत पाने उलटत यावे. चित्रकार आजही अज्ञातच आहे, पण त्याचा बदक-ससा तिथे आपल्या प्रश्नासह आणि उत्तरासह, त्या आठवड्याच्या इतर विनोदांच्या सोबतीला भेटतो.